पाटीवर लिहिलं तेवढंच

माझे आजोबा सिनेमात काम करायचे असं सांगितलं की लोक सावरून बसतात आणि नाव विचारतात. नाव ऐकलं की पुन्हा सैल बसतात. त्यांचा दोष नाही. मूकपटांच्या जाहिरातीत आधी राजा, मग राजकन्या, मग सेनापती, मग घोडा असा मान असायचा. घोड्याच्या खाली बारीक अक्षरांत 'आणि इतर' असं छापलेलं असे. त्या इतरांत माझे आजोबा.

स्टुडिओत त्यांना सगळे टकळी म्हणायचे. कारण विचारायची गरज पडत नसे, ते पाच मिनिटांत कळायचं. तोंडाचा पट्टा सकाळी सुरू झाला की झोपेपर्यंत चालू, आणि आजीचं ऐकाल तर झोपेतही तो थांबत नसे, फक्त आवाज बंद व्हायचा. तेव्हा मीही त्यांना टकळीच म्हणणार आणि लग्न होईपर्यंत अरेतुरेच करणार. लग्नाआधी ते काही कुणाचे आजोबा नव्हते.

हल्ली मूकपटांवर भाषणं होतात. अशा एका भाषणाला मी गेले होते. वक्ते डोळे मिटून 'मौनाचं सामर्थ्य' समजावून सांगत होते आणि पुढच्या रांगेतली मंडळी माना डोलावत होती. मला उठून विचारावंसं वाटलं, अहो, कसलं मौन घेऊन बसलात? पडद्यावर आवाज नव्हता, स्टुडिओत होता. नुसता बाजार भरलेला असायचा. पण शाल पांघरलेल्या माणसाशी वाद घालू नये असं मला वाटतं, म्हणून मी गप्प बसले आणि घरी येऊन चिडचिड केली.

तो स्टुडिओ म्हणजे गावाबाहेरची बंद पडलेली विटांची भट्टी. छप्पर नाही, कारण ऊन हाच दिवा. तीन बाजूंना कापडावर रंगवलेला महाल, चौथ्या बाजूला कॅमेरा. कॅमेरावाला दांडा फिरवायला लागला की खडखडाट व्हायचा. शेजारी स्टुलावर उभे राहून मालक पत्र्याच्या भोंग्यातून ओरडायचे, "रड, अजून रड, डावीकडे बघून रड." नटांना भरून यावं म्हणून कोपऱ्यात एक व्हायोलिनवाला बसवलेला, तो खडखडाटावर मात करायला जिवाच्या आकांताने वाजवायचा. या गोंधळात समोरासमोर उभ्या असलेल्या दोन नटांचं बोलणं तिसऱ्याच्या कानी पडणं शक्यच नव्हतं.

संवाद लिहिण्याची भानगड मालकांनी ठेवली नव्हती. चित्रण संपलं की ते घरी जाऊन काळ्या पाटीवर पांढऱ्या अक्षरांत भारदस्त वाक्यं लिहायचे, तिचं चित्र घ्यायचे आणि योग्य वाटेल तिथे चिकटवायचे. नटांना नियम एकच. "तोंड हलतं पाहिजे. तोंड मिटून उभा राहिलेला नट आणि भिंतीवरचा फोटो यांत फरक काय? काहीही बोला, पण बोला."

नट काहीही बोलायचे. सेनापतीचं काम करणारे गृहस्थ एरवी शाळेत गणित शिकवायचे, ते तलवार उपसून एकोणतीसचा पाढा म्हणायचे. मधे कुठेतरी अडखळायचे, आणि पडद्यावर सेनापती क्षणभर विचारात पडल्यासारखा दिसायचा. त्या विचारमग्न मुद्रेची वर्तमानपत्रात तारीफ आली होती. नायिका म्हणजे एका फिरत्या नाटक मंडळीतून पळून आलेली खमकी बाई. प्रियकराच्या पायाशी लोळण घेताना ती घरात काय काय संपलंय ते आठवायची. साबण, सुया, काळा दोरा, पुन्हा साबण. लोक रडायचे.

टकळी मुळात रंगारी. महाल त्यानेच रंगवलेला. थोरल्या महाराजांचं काम करणाऱ्या माणसाला ऐन वेळी गालगुंड झालं आणि मालकांना रंगाच्या डब्याशेजारी एक रिकामा माणूस बसलेला दिसला. डिंकाने पांढरी दाढी चिकटवली. मिशीने ओठ झाकले जात होते, तेव्हा मालकांनी कात्री घेऊन ती स्वतःच्या हाताने वरपर्यंत छाटली. "तोंड दिसलं पाहिजे," ते म्हणाले. पुढे काय होणार याची कल्पना असती तर त्यांनी टकळीच्या तोंडावर गोणपाट बांधलं असतं. पण मृत्यू झकास जमला, आणि तेव्हापासून सिनेमाच्या पहिल्या भागात मरणारे सगळे म्हातारे टकळीच्या वाट्याला आले. ऐन पंचविशीत तो ऐंशीचा होऊन मरायचा आणि दुपारनंतर पुन्हा महाल रंगवायला बसायचा.

मरताना तो काय बोलायचा? पाढे वगैरे त्याला येत नव्हते. तो गप्पा मारायचा. आज मालकांनी कुणाला झापलं, घोडा का लंगडतोय, कॅमेरावाल्याचं कुणाशी जुळलंय. नायिका छातीवर डोकं ठेवून ऐकायची, आणि तिचे खांदे हसण्याने हलले की मालक भोंग्यातून म्हणायचे, "वा, काय हुंदके आहेत."

त्या मोसमात मालक एकदा स्वतःच्याच चष्म्यावर बसले. तो दुरुस्त करून आणायला टकळीला पिटाळलं, आणि तिथे त्याने चष्मेवाल्याची मुलगी पाहिली.

ती दुकानाच्या दर्शनी खिडकीत उजेडाला बसून भिंगं घासायची. लहानपणी आलेल्या तापात तिचे दोन्ही कान गेले होते. बोलायची ती व्यवस्थित, पण आवाजाला चढउतार नव्हता आणि आपण किती मोठ्याने बोलतोय याचा अंदाज तिला नसायचा. ओठ मात्र ती छापील अक्षरं वाचावीत तसे वाचायची. समोरच्या बाजूला न्हाव्याचं दुकान होतं आणि त्याचे आरसे रस्त्याकडे तोंड करून. साबण फासलेली माणसं आरशात बघून जे बोलत ते सगळं भिंगं घासता घासता तिच्यापर्यंत पोचायचं. कुणाचं दिवाळं निघतंय आणि कुणाची सासू पळून गेलीय हे त्या गल्लीत सगळ्यांत आधी तिला कळे.

तिचं लग्न ठरत नव्हतं त्याचं कारण हेच आरसे. एक चांगला कमावता मुलगा तिला बघून गेला होता. बापासमोर बसून त्याने तिच्या कामाचं कौतुक केलं, तिच्या डोळ्यांचं केलं. मग दाढी करायला समोर गेला आणि खुर्चीत बसून भावाला म्हणाला, "बहिरी आहे ते एका परीने बरंच. आपण काहीही बोललो तरी कळायचं नाही." तिने भिंग खाली ठेवलं, बापाकडे वळली आणि ते वाक्य जसंच्या तसं सांगितलं. सगळ्या दुकानाने ऐकलं. दुसरा एक आला, त्याने आरशाची चूक केली नाही, फक्त पाठ फिरवून तिच्या मावशीशी कुजबुजला. पण मावशीचा चेहरा बघून तिला जे कळायचं ते कळलं.

टकळी चष्मा घेऊन आत गेला तेव्हा चष्मेवाले म्हणाले, "मुलीशी बोलायचं तर तिच्याकडे तोंड करून बोला. ती ओठ वाचते."

टकळीने तिच्याकडे तोंड केलं. तिने त्याच्या ओठांवर नजर लावली. आणि आयुष्यात पहिल्यांदा त्याच्या तोंडून शब्द फुटेना. चष्मा काउंटरवर ठेवून, मान हलवून तो बाहेर पडला.

मालकांचा चष्मा त्यानंतर वारंवार मोडू लागला. कधी काडी, कधी नाकावरची तार. मालकांना वाटायचं की आपलं वजन वाढलंय. टकळी दुकानात जायचा, चष्मा पुढे करायचा, घाम पुसायचा आणि परत यायचा. ती एक-दोन प्रश्न विचारायची. तो हो किंवा नाही म्हणायचा. अख्ख्या गावात टकळीला अबोल समजणारा माणूस एकच होता, ते म्हणजे चष्मेवाले. "गुणी मुलगा आहे," ते मावशीला म्हणाले, "मोजून मापून बोलतो."

शेवटी टकळीने धीर करून मागणी घातली. तीही कशी, तर रंगवलेल्या महालामागे आठवडाभर तालीम करून. चष्मेवाल्यांनी ऐकून घेतलं आणि दाढीवरून हात फिरवला.

"माझी अट एकच," ते म्हणाले. "पुढून एक आणि मागून एक बोलणारा माणूस या घरात नको. तिला फसवणारे बरेच भेटलेत. तुम्ही तसे दिसत नाही. पण ते सिनेमाचं काय ते मला कळत नाही. सभ्य काम असतं का ते?"

टकळीला यावर काही बोलायलाच नको होतं. पण तालमीत न बसवलेलं एक वाक्य त्याच्या तोंडून गेलं. "येत्या शनिवारी नवा सिनेमा लागतोय. सगळे या. मी जागा धरून ठेवतो, अगदी मधल्या."

शनिवारी तो अंगावर धुवट कोट चढवून थिएटरात हजर. डाव्या हाताला चष्मेवाले, उजव्या हाताला ती, तिच्या पलीकडे मावशी. दोन रांगा पुढे मालक, दुरुस्त केलेला चष्मा लावून. टकळी खुशीत होता. याही सिनेमात तो थोरले महाराज झाला होता. थोरले महाराज मरताना फार भारदस्त दिसतात हे त्याला माहीत होतं, आणि त्यांच्या तोंडी मालकांनी जी पाटी घातली होती ती वाचून कुठल्याही बापाचं काळीज हललं असतं. 'बाळ, मी जातो. सत्याची वाट सोडू नकोस.'

दिवे गेले. पडद्यावर सेनापती आला, भिंतीएवढा. तलवार उपसली, डोळे वटारले, गर्जना केली. पाटी आली, 'दुष्टा, आज तुझा अंत.'

"हा पाढे म्हणतोय," चष्मेवाल्याची मुलगी म्हणाली.

तिच्या हिशेबाने ती कुजबुजली होती. चार रांगांनी वळून बघितलं. चष्मेवाल्यांनी तिच्या हातावर थोपटलं. टकळी गालातल्या गालात हसला, आणि ते हसू अर्ध्यात राहिलं. पुढे नायिका आली, आकाशाकडे हात पसरून तिने टाहो फोडला, आणि शेजारून सपाट आवाज आला, "हिला साबण आणायचाय."

आता त्याच्या डोक्यात प्रकाश पडला. तिला ओठ वाचता येतात हे त्याला पहिल्या दिवसापासून ठाऊक होतं. ओठ हलवण्याचीच भाकरी तो खात होता. पण या दोन गोष्टी एकमेकींना भेटतील असं त्या गाढवाच्या मनातसुद्धा आलं नव्हतं. चित्रातला माणूस काय बोलतो याकडे कोण बघतंय, असं अख्खा स्टुडिओ धरून चालला होता. टकळी आठवू लागला की मरताना आपण नेमकं काय बोललो. जसजसं आठवू लागलं तसतसा त्याचा धुवट कोट पाठीला चिकटू लागला. त्या दुपारी तो नायिकेला दुसरं काहीच सांगत नव्हता, चष्मेवाल्याच्या मुलीबद्दल सांगत होता. आणि तिच्या बापाबद्दल.

पडद्यावर घोडा दौडत होता. घोडा थांबला की पुढचा प्रसंग थोरल्या महाराजांचा मृत्यू. टकळी उठला, मावशीच्या पायांवरून उड्या टाकत मागे पळाला आणि जिना चढून मशीनच्या खोलीत घुसला. त्या काळी मशीनही हाताने फिरवत. मशीनवाला एका हाताने दांडा फिरवत दुसऱ्या हाताने कान कोरत होता.

"फिरव," टकळी म्हणाला. "जोरात फिरव. जेवढं जमेल तेवढं जोरात. माझ्या आयुष्याचा प्रश्न आहे."

मशीनवाल्याने कारण विचारलं नाही. त्यालाही घरी लवकर जायचंच होतं. त्याने कान सोडला, दोन्ही हातांनी दांडा धरला आणि गरगरा फिरवायला सुरुवात केली.

थोरले महाराज पलंगावर आडवे होते ते ताडकन बसले आणि फाडकन पडले. नायिका त्यांच्या छातीवर कोंबडीने दाणे टिपावेत तशी डोकं आपटू लागली. महाराजांची दाढी थरथरली, ओठ इतके भराभर हलले की ते थंडीने काकडताहेत असं वाटावं, हात वर गेला, आशीर्वाद दिला, खाली आला आणि संपलं. पाटी आली आणि 'बाळ' वाचेपर्यंत निघून गेली. पडद्यापाशी बसलेला व्हायोलिनवाला करुण सूर लावत होता, तो चित्राच्या मागे धावता धावता नाचाच्या चालीवर गेला. थिएटर हसून लोळत होतं. एक माणूस तर खुर्चीवरून खरोखर खाली पडला.

मालकांनी जिन्यात टकळीची गचांडी धरली ती दिवे लागेपर्यंत सोडली नाही. खाली चष्मेवाले टोपी हातात घेऊन उभे होते. "फार लवकर मेलात तुम्ही," ते एवढंच म्हणाले. ते नाराज आहेत की दुःखी हे टकळीला कळेना. मुलगी त्याच्या ओठांकडे बघत होती. ती विचारात होती, सेनापतीपेक्षा कितीतरी जास्त.

"हा सिनेमा उद्याही लागणार आहे का?" तिने विचारलं.

दुसऱ्या दिवशी मालक स्वतः मशीनपाशी पहारा देत उभे राहिले. चित्र बैलगाडीच्या चालीने चाललं. चष्मेवाल्याची मुलगी मावशीला घेऊन आली होती. टकळीला हे सांगायला नायिका मुद्दाम भट्टीवर आली. टकळी महालाच्या खांबाला पुन्हा पुन्हा रंग देत बसला होता. तिने खांबाकडे बघितलं, त्याच्याकडे बघितलं आणि म्हणाली, "हसली रे ती. सगळे रडत होते आणि ती एकटी हसत होती. मग रडायला लागली. तेव्हा बाकीचे थांबले होते."

"हसली कुठे? बापाचं आलं तेव्हा की नाकाचं?"

"ते मला काय ठाऊक? मी नटी आहे, मला कुठे ओठ वाचता येतात?"

दोन दिवस टकळी कुणाशी बोलला नाही. स्टुडिओतल्या लोकांना ते इतकं चमत्कारिक वाटलं की कॅमेरावाला त्याच्यासाठी डॉक्टर घेऊन आला. खरं तर त्याला हवं होतं एवढंच, की त्या मुलीने आपल्याला त्या आरशातल्या माणसांच्या रांगेत बसवू नये. पण बसवू नये तर काय करावं, हेही त्याला सांगता आलं नसतं. तो बोलला होता ते खरंच होतं.

मग चष्मेवाल्यांचा निरोप आला, दुकानात या.

ती खिडकीतच होती. टकळी दारात उभा राहिला. चष्मेवाले काउंटरमागून बाहेर आले आणि मुलीच्या समोर जाऊन उभे राहिले, म्हणजे तिला त्यांचा चेहरा दिसावा.

"हे बघ," ते म्हणाले, "सिनेमातले सगळे जण भलतंच बोलतात असं तू मला सांगितलंस. कुणी पाढे म्हणतो, कुणी साबण मागते. दोनदा जाऊन आलीस. आता यांच्यासमोर विचारतो. हे काय बोलत होते?"

टकळीला वाटलं, आपणच सांगून टाकावं आणि निघावं. त्याने तोंड उघडलंही, पण ती बघत होती, आणि तिने बघितलं की त्याचं काय होतं ते मी मघाशी सांगितलंच आहे.

तिने भिंग फडक्यावर ठेवलं. "पाटीवर लिहिलं होतं तेच," ती म्हणाली. "बाळ, मी जातो. सत्याची वाट सोडू नकोस."

चष्मेवाल्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. "एवढ्या सगळ्यांत एकटा खरा माणूस," ते म्हणाले आणि मावशीला सांगायला आत गेले. बिचाऱ्यांना मरेपर्यंत तसंच वाटत राहिलं, आणि आमच्या घरात कुणी त्यांचा गैरसमज दूर केला नाही.

दुकानात दोघंच उरले. तिने मागचं दार नीट लागलंय का ते पाहिलं आणि मग त्या सपाट आवाजात, शक्य तितक्या हळू, म्हणजे रस्त्यावर जेमतेम ऐकू जाईल इतक्या हळू, सगळं म्हणून दाखवलं.

"बाई, कोपर बरगडीत खुपसू नकोस, मी अजून मेलो नाही. दाढीला खाज सुटलीय. मालक गाढव आहे, त्याचा चष्मा मी काल पुन्हा मोडला. चष्मेवाल्याच्या मुलीला मागणी घालणार आहे. नाक जरा मोठंच आहे तिचं, पण चष्म्याच्या दुकानात शोभून दिसतं. बाप म्हणजे चिंबलेला भोपळा. हसला तर दाढी गळून पडेल या भीतीने हसत नाही. त्याला वाटतं मी अबोल आहे. मी काय अबोल आहे होय? तिच्यासमोर गेलो की माझी बोबडी वळते. सगळं जग माझी बडबड ऐकत नाही, आणि ही एकटी नुसती बघते तर वाटतं, आता खोटं बोललो तर मेलोच. भोंगा वाजला. मरतो आता. उद्या सांगतो पुढचं."

टकळीने खाली बघितलं. तिने हनुवटीला धरून त्याचं तोंड वर केलं, कारण खाली बघून माणूस काय बोलतो ते तिला कळत नसे.

"लोक माझ्यासमोर गोड बोलतात आणि तोंड फिरवून खरं बोलतात," ती म्हणाली. "तुम्ही माझ्या मागे बोललात, पण तुमचं तोंड माझ्याकडेच होतं. आता हेच समोर उभं राहून म्हणा. नाकापासून सुरू करा."

टकळीने घसा साफ केला. "नाक जरा मोठंच आहे तुमचं," तो म्हणाला.

पुढची गोष्ट बाहेर यायला वेळ लागला नाही. बांध फुटला तो फुटलाच. चष्मेवाले पंधरा-वीस मिनिटांनी बाहेर आले तेव्हा त्यांचा अबोल जावई हातवारे करत घोड्याच्या लंगडण्याबद्दल बोलत होता आणि मुलगी हसून हसून काउंटरला टेकली होती. त्यांना वाटलं, आनंदाने थोडा भ्रम झाला असावा.

लग्न झालं. इथून पुढे ते आजोबा. मूकपट चालले तोवर आजोबा मरत राहिले, आणि आजी प्रत्येक सिनेमाला जाऊन एकटीच हसत राहिली. आता तिला ऐकवण्यासाठीच ते मरायचे. मुलाच्या मांडीवर प्राण सोडताना ते तिला आजची भाजी कशी खारट झाली होती ते सांगायचे, आणि वर पाटी यायची, 'क्षमा हाच धर्म.' मग बोलपट आले. आजोबांना एका कागदावर चार ओळी लिहून दिल्या आणि एवढंच बोला असं सांगितलं. त्यांनी चार ओळी बोलून घोड्याचा विषय काढला. पुन्हा घेतलं, पुन्हा घोडा निघाला. त्यांना परत रंगाच्या डब्यापाशी बसवण्यात आलं, आणि त्याचं त्यांना विशेष वाईट वाटलं नाही. आजीला वाटलं. बोलपट तिने एकच पाहिला. म्हणाली, "हे सगळे पाटीवर लिहिलेलंच बोलतात. यात बघायचं काय?"

शेवटी आजोबांना घशाचं दुखणं झालं आणि आवाज गेला. ओठ चालू होते. काकांना मात्र वाटलं की वडील काहीतरी महत्त्वाचं सांगताहेत. काका गंभीर माणूस आहेत, आमच्या घरात ते कसे जन्मले कुणास ठाऊक. त्यांनी आम्हा सगळ्यांना पलंगाभोवती उभं केलं आणि स्वतः आजोबांच्या तोंडाला कान लावला. मग माझ्या बाबांनी लावला. कुणाला काही ऐकू येईना. आजी पायाशी स्टुलावर बसली होती, तिथून तोंड सरळ दिसायचं. मी तिच्याशेजारी उभी होते. बघता बघता तिचे खांदे हलायला लागले. काकांनी तिच्या पाठीवर हात ठेवला, आणि मग त्यांच्या लक्षात आलं की ती हसतेय. डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ती हसत होती.

काका तिच्यासमोर येऊन खाली बसले. "आई, काय म्हणताहेत ते?"

आजीने पदराने डोळे पुसले. "पाटीवर लिहा," ती म्हणाली, "सगळ्यांनी एकोप्याने राहा."

काकांनी ते खरोखरच लिहून घेतलं. आज त्यांच्या बैठकीत आजोबांच्या फोटोखाली ते चौकटीत लटकलेलं आहे आणि येणारे-जाणारे त्याला हात जोडतात.

मी मात्र तिच्यासमोर वाकले आणि आवाज न करता, नुसते ओठ हलवून विचारलं, "आजी, खरं काय म्हणाले?"

तिने स्वतःच्या नाकाला बोट लावलं, आणि पुन्हा त्यांच्या ओठांकडे बघायला लागली. ते अजून हलत होते.